पिसांचा महिना

प्रिय ठमे,

परवा तुझा फोन आला तेव्हा दोन्ही हात पुस्तकबांधणीच्या खळीने भरलेले होते, म्हणून घाईत 'बघून सांगतो' म्हणालो. खरं तर बघायचं काही नव्हतं, उत्तर मला ठाऊक होतं. तुझ्या कंपनीच्या नव्या खेळात तुझ्या लहानपणी आपण रचलेलं 'तिकडे' येणार, तिथली माणसं आपल्याच दिनदर्शिकेप्रमाणे प्रवासाला निघणार, हे ऐकून ऊर भरून आला. आणि लगेच तू म्हणालीस, सगळं जुळतंय, फक्त वर्ष एकवीस दिवसांनी जास्त भरतंय. बाकी आठ महिने चाळीस दिवसांचे, पिसांचा तेवढा एकसष्टचा. तुझी मोजणी चुकली की नियमच तसा होता, ते शुक्रवारच्या आत हवंय. हे फोनवर सांगायला माझी जीभ उचलली नसती, म्हणून लिहायला बसलोय. गावच्या शाळेत सातवीपर्यंत शिकलेला माणूस मी, अक्षर लावून घे.

तू आठ वर्षांची होतीस. आईला उपचारासाठी दूरच्या शहरात ठेवलं होतं, मावशी तिच्या उशाशी होती, आणि इथे दोन खोल्यांत आपण दोघं. छापखान्यातून कागदाच्या कातरणाच्या पट्ट्या आणून मी तुला एक वही शिवून दिली. बोटभर उंच, हातभर लांब. एवढ्या लांब वहीत काय लिहायचं, तर तू म्हणालीस, वर्ष. आणि पहिलाच कायदा केलास की आठवडा म्हणायचं आणि हातात सातच दिवस ठेवायचे, ही लबाडी तिकडे चालणार नाही. मग शनिवार-रविवारच्या मध्ये उगीचवार आला. त्या दिवशी कोणी कोणाला 'कशाला' विचारायचं नाही. एकदा तू दोन पायांत दोन रंगांचे मोजे घालून शाळेत गेलीस. बाईंनी मला बोलावून घेतलं आणि मी सरळ चेहऱ्याने सांगितलं की आज उगीचवार आहे. त्यांनी मला चपलांपासून डोक्यापर्यंत न्याहाळलं. झाडाला फळ कुठून आलं ते त्यांना कळलं असावं.

सावल्यांच्या महिन्यात तिकडची माणसं आपापल्या सावल्या धुऊन दोरीवर वाळत घालत. धुक्याच्या महिन्यात घरं जागा बदलत, पण हळूच, आत झोपलेल्यांना कळू न देता. आणि पिसांच्या महिन्यात पक्षी जुनी पिसं टाकत. ती इतकी सावकाश उतरत की एका पिसाला जमिनीवर टेकायला सबंध दिवस लागे. म्हणून त्या महिन्यात तू वहीत रोज एक पीस काढायचीस. आकाशात दोन चांद होते. थोरला वक्तशीर आणि धाकटा महा-आळशी. धाकटा येऊन थोरल्याच्या मांडीला मांडी लावून बसला की महिना संपला. तो आला की नाही, हे सकाळी ताटावर चमचा वाजवून जाहीर करायचं काम दिवाणजींचं. राणी तू, दिवाणजी मी.

पिसांचा महिना संपला की आईकडे जायचं, असं मी तुला कबूल केलं होतं. चाळिसाव्या सकाळी तू फ्रॉक घडी करून पिशवीत ठेवलास. मी ताट वाजवून सांगितलं की धाकटा झोपलाय. तू हसलीस. लोळत पडला असेल मेला, म्हणालीस. दुसऱ्या दिवशीही हसलीस. तिसऱ्या दिवशी हसली नाहीस, पण पीस काढलंस. एकसष्टाव्या दिवशी दुपारी मला छापखान्यात फोन आला की आई गेली. त्यानंतर ना तू वही उघडलीस, ना मी ताट वाजवलं.

छापखान्यात आता घडी घालायचं नवं यंत्र आलंय. माझ्या हाताला फक्त जुन्या पुस्तकांची शिलाई उरली आहे. काम कमी, म्हणून विचार जास्त. बारावीच्या वर्षी आपलं भांडण झालं तेव्हा तू म्हणाली होतीस, शेवटी आईला मी नकोच झाले होते. मी भाजी चिरत राहिलो. रोज देवापुढे हात जोडतो तेव्हा ते सगळं त्याला सांगतो. पण देवाला सांगणं सोपं असतं गं, तो उलट विचारत नाही.

त्या महिन्याचे दिवस चाळीसच होते, ठमे. वरचे एकवीस माझे. अडतिसाव्या दिवशी कामाला बाहेरगावी जातो असं तुला सांगून मी आईला बघून आलो होतो. अंथरुणात ती आहे कुठे, हे मला शोधावं लागलं. तुला ते दाखवायचा मला धीर झाला नाही. जरा सावरू दे, मग नेऊ, असं म्हणत मी एकेक दिवस वाढवला. मावशी रोज फोन करायची की ती विचारतेय, पोरीला आणा. मी रोज सांगायचो, तुला ताप आहे. साठाव्या दिवशी मावशीने फोन तिच्या कानाला लावला. ती म्हणाली, "बरं नसेल तर राहू द्या. पण तिच्या कपाळावर हात ठेवून बसा, तिला आवडतं तसं." संध्याकाळी घरी आलो तर तू दोरीवरच्या उड्या मारत होतीस. मी तुझ्या कपाळावर हात ठेवला. मला कुठे ताप आलाय, म्हणून तू तो झटकलास आणि पुन्हा उड्या मारायला लागलीस. तो हात तिने पाठवला होता. तू तिला नको कधीच झाली नव्हतीस, ती रोज तुला बोलावत होती, आणि तुला नेलं नाही ते मी. शुक्रवारी आकडा काय द्यायचा ते तू ठरव, राज्य तुझं आहे. मला काय उत्तर द्यायचं, की द्यायचंच नाही, तेही तू ठरव. पण मोजणी तुझी चुकली नव्हती, बाळ. एकूण एक पीस तू बरोबर काढलं होतंस.

अजून म्हणू देत असशील तर तुझाच,
बाबा