ताईची डावी बाजू

३ मार्च

चि. चिमणीस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझं पत्र मिळालं. गुडघे कुरकुरतात म्हणून जिना सोडू नकोस. तुझं वजन पाहता गुडघ्यांचीही काही बाजू असेल म्हणा.

बातमी अशी, की टीव्ही केंद्रातून माणूस आला होता. सौंदर्यस्पर्धेला पन्नास वर्षं होताहेत, तर पहिल्या स्पर्धेची निवेदिकाच मंचावर हवी, मुकुटही तिच्याच हातून, असं म्हणतात. मी दार अर्धंच उघडून बोलले. पक्षाघातानंतर असंच उघडते, तुला ठाऊक आहे. चेहऱ्याची नेमकी डावी बाजू उतरली. आयुष्यभर कॅमेऱ्याला तीच दिली होती ना! आमचा कॅमेरामन म्हणायचा, बाई, उजवी बाजू घरच्यांसाठी ठेवा.

नाही म्हणणार होते, तोंडातून हो निघून गेलं. वाचा तरी परत आली आहे. रोज पेपर मोठ्यांदा वाचते, वरच्या मजल्यावरचे कंटाळले बिचारे. एकदाच त्या दिव्यांत उभं राहायचंय गं. पहिल्या स्पर्धेतला काळा झगा शिंपिणीकडे सैल करायला दिलाय.

आहेस तशीच मायाळू राहा.
ताई

११ मार्च

ती. ताईस,
शिरसाष्टांग नमस्कार.

पत्र वाचून मी स्वयंपाकघरात नाचले. गुडघ्यांनी लगेच जाब विचारला. आठवतं, तुझा पहिला कार्यक्रम आईने रेडिओच्या दुकानाबाहेर उभं राहून काचेतून पाहिला होता? आवाज ऐकू येत नव्हता, तरी घरी येऊन सांगत होती की पोरगी फार छान बोलली.

तू आता घाबरू नकोस. मी तुझ्या नकळत केंद्रात फोन केला. कार्यक्रमाची जबाबदारी असलेल्या बाईंना सगळं नीट सांगितलं: जवळून घेऊ नका, उजवीकडूनच घ्या, दिवे जरा मंद ठेवा. फार समजूतदार वाटल्या. म्हणाल्या, काळजी नको, आम्ही काहीतरी छान सोय करतो. तू फक्त ऐटीत जा!

या वेडीवर लोभ ठेव.
चिमणी

२ एप्रिल

चि. चिमणीस,
आशीर्वाद.

तुझे फोन वाजत होते, घेतले नाहीत. बोलताना रडले असते, म्हणून लिहिते.

झगा घालून, केस बांधून वेळेआधी पोचले. मेकअपच्या खोलीत एक मुलगी बसली होती. अंगात जुन्या फोटोवरून शिवलेला, हुबेहूब माझ्यासारखा झगा. तू फोन केलेल्या त्या बाई गोड बोलल्या. म्हणाल्या, तुमच्या बहिणीने तुमची अडचण कळवली, तेव्हा आवाज तुमचा आणि मंचावर ही. चित्रसुद्धा जुन्यासारखं काळंपांढरं करणार होत्या. मला काचेच्या खोलीत माइकपुढे बसवलं आणि पाठीला उशी दिली. उशी, चिमणे!

उठून यायला हवं होतं. पण लाल दिवा लागला आणि मी बोलू लागले. दिवा लागल्यावर थांबायचं नाही, एवढंच तर शिकले जन्मभर. मुलीने ओठ बरे हलवले. मान मात्र उगाच फार वळवत होती. मुकुट तिनेच घातला.

तू माझ्या भल्यासाठीच केलंस, जाणते. पण मला विचारायचंस तरी. मला हे वाकडं तोंड घेऊनच उभं राहायचं होतं. लोकांनी पाहिलं असतं, चार जण हळहळले असते, आणि एकदाचं संपलं असतं. मग तोंड लपवायचं कारणच उरलं नसतं.

आज सकाळी शेजारच्या मास्तरीणबाई आल्या. डोळे भरले होते त्यांचे. म्हणाल्या, तुमचं जुनं चित्रीकरण कुठून हो मिळालं, काय दिसायचात तुम्ही! जुनं काही उरलेलं नाही. टेप महाग, म्हणून तेव्हा आमचं पुसून त्यावर दुसरे कार्यक्रम भरत. हे त्यांना कुठून माहीत असणार?

मी दाराआडून म्हटलं, सापडलं खरं.

तुला कुणी विचारलं, तर तूही तसंच सांग. आणि या म्हातारीवरचं प्रेम आटू देऊ नकोस.
ताई