वर्षश्राद्धापर्यंत थांबू नये

श्री गावदेवी प्रसन्न

मी, नागू पदू ठोंबरे, वय ४९, सरकारी रस्त्यावर मैलकुली, राहणार लोधिवली, तालुका खालापूर. छातीच्या दुखण्याने अंग थकले आहे, डोके थकलेले नाही. देवाने जेवढी अक्कल दिली तेवढी जागेवर असताना, कोणाच्या सांगण्यावरून नव्हे, हे लिहून ठेवतो.

१. राहते घर पत्नी चंद्राबाई हिचे. मागची पडवी आणि तिच्यापुढची खोली माझी वहिनी सुंदरा हिची. तिला तिथून कोणी उठ म्हणू नये.

२. ओढ्याकडची भातजमीन मुलगा पोपट आणि वहिनी यांनी निम्मी निम्मी घ्यावी. चुलतभाऊ गजा याने बांध हातभर कोरला आहे. तो मी माफ केला, तरी मोजणी करून घ्यावी.

३. फावडे आणि घमेले सरकारी आहेत, ती चौक गावच्या गोदामात परत द्यावीत. सायकल पोपटची. देव्हाऱ्यातील समई वहिनीने लावावी, आजवर तीच लावते.

४. आता नोकरीविषयी. वकील म्हणाले, "नागू, नोकरी म्हणजे इस्टेट नव्हे, ती अशी देता येत नाही." म्हणून देत नाही. ती मला कशी मिळाली तेवढे लिहितो.

सन १९६२ मध्ये माझा थोरला भाऊ आबाजी रस्त्यावर डांबर टाकताना ट्रकखाली गेला. रस्त्याचे साहेब भले होते. म्हणाले, "त्याच्या बायकोला सरकारी बंगल्यावर झाडलोटीला घेतो. येईल का ती?" आमच्यात विधवा वर्षश्राद्धापर्यंत उंबरा ओलांडत नाही. मी तेच सांगितले आणि वहिनीला न विचारता म्हणालो, "मी येतो." तिची हरकत नसल्याचा कागद गजाने घरी आणला. वहिनीने विचारले, "भावजी, काय लिवलंय?" मी म्हणालो, "नोकरी घरातच राहावी म्हणून." तिने अंगठा दिला. नोकरी लागली म्हणून पुढल्या साली माझे लग्न झाले. वहिनी एकवीस वर्षे दुसऱ्यांच्या शेतात लावणीला जाते.

गेल्या महिन्यात मी तिच्यापाशी हे कबूल केले. ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, "मला ठाव हाय. बंगल्यावरचा शिपाई इचारून गेला व्हता, बाई का आली नाय म्हणून."

"मग बोलली का नाहीस?"

"वरीस सरायचं व्हतं ना. सरलं तवा तुमी कामावर."

एवढे बोलून तिने पुढचे तांदूळ निवडायला घेतले. 

५. मी नोकरीत असतानाच गेलो, तर अर्ज चंद्राबाईने स्वतःच्या नावाने करावा. कचेरीतला कारकून म्हणतो, वय चाळिशीच्या आत हवे. तिला चाळिसावे सुरू आहे. वर्षश्राद्धापर्यंत घरात बसली तर हक्क जाईल. म्हणून तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी तिने उंबरा ओलांडावा. पाप असेल तर ते माझ्या माथी, देवापुढे तसे बोललो आहे. हरकत नसल्याच्या कोणत्याही कागदावर तिने अंगठा देऊ नये, पोपटसाठीसुद्धा नाही. पोपट म्हणाला, "बाबा, आई रस्त्यावर खडी टाकणार? लोक मला हसतील." मी म्हणालो, "तुजी आय वीस वर्षं भाताच्या चिखलात वाकली, तवा कोण हसलं रं?" त्याला गॅरेजचे काम येते.

६. दिवस साधे करावेत. गावजेवण घालू नये.

हे चंद्राबाई व वहिनी यांना वाचून दाखवले. चंद्राबाई म्हणाली, "मला कचेरीत बोलाया नाय जमायचं." वहिनी म्हणाली, "मी येते संगं. कागद आधी वाचून घेऊ, मंग अंगठा."

साक्षीला मुद्दाम गजालाच बसवले आहे, म्हणजे 'बांधाचे, कागदाचे मला ठाऊक नव्हते' असे त्याला पुढे म्हणता येणार नाही.

सही : नागू पदू ठोंबरे
साक्षीदार :
१. गजानन हिरू ठोंबरे, लोधिवली
२. आनंदीबाई म्हसकर, शिक्षिका, चौक

मुक्काम लोधिवली, दिनांक ११ डिसेंबर १९८४