जाळं ओढणाऱ्यांचं चित्र

जेनोवा बंदर, इटली
मार्च १९६४

नवापूर गावी सौ. भागीस आशीर्वाद पोचावेत.

माझ्या हाताची जखम भरत आली आहे, काळजी नको. माझ्या आईचा दमा कसा आहे?

काल आम्हा खलाशांना इथल्या संग्रहालयात नेलं. चारशे वर्षांपूर्वीची चित्रं होती. एका चित्रात मासेमार जाळं ओढत होते. माहिती सांगणाऱ्या बाईंजवळ मी सरकलो, तर आमच्या जहाजावरचा साहेब ओरडला, "मागं हो!" मी म्हटलं, "साहेब, हे आमच्या लोकांचं चित्र हाय. मी हलनार नाय." बाईंचं सांगून होईपर्यंत तिथंच उभा राहिलो. साहेब कामावरून काढीन म्हणतो. काढू दे.

पारू पोरी, हे पत्र तूच तुझ्या आईला वाचून दाखवत असशील. मासळीचा वास येतो म्हणत वर्गातल्या पोरी नाक दाबतात म्हणून तू शाळा सोडलीस, असं कळलं. उद्याच परत जा. बाप कोण विचारलं, तर मासेमार म्हणून मोठ्यानं सांग.

तुम्हा सगळ्यांचा,
नथू