पदराआडची बाई रतनबाई नव्हे

प्रति,
मेहेरबान मॅजिस्ट्रेट साहेब,
भोर संस्थान, मुक्काम भोर.

अर्जदार: साळूबाई कोम सोनबा रसाळ, राहणार गुंजवणे.

विषय: सून रतनबाई हिला पासली येथे कोंडून ठेवून कोर्टापुढे तिच्या नावाने दुसरीच बाई उभी केल्याबाबत.

संदर्भ: माझा पहिला अर्ज, जो निकाली निघाला.

मेहेरबान साहेबांचे सेवेशी,

१. माझा एकुलता मुलगा गेनू हिवतापाने वारला. त्याची बायको रतनबाई, वय सुमारे पंचवीस, माझ्याजवळच राहिली. तिने सारी उमर अशीच काढावी हे मला बघवेना. तिची खुशी विचारून मी स्वतः पुढे होऊन कापूरहोळचा गाडीवान सावळाराम याच्याशी तिचा पाट लावून दिला. पंच हजर होते.

२. आमच्या घराण्यात विधवेचा पाट लागत नाही, असे म्हणून तिचा भाऊ चिमाजी भाऊबंद घेऊन कापूरहोळला गेला. त्यांनी सावळारामचा पाय मोडला व रतनबाईस ओढून माहेरी पासलीस नेले. सावळाराम अंथरुणाला खिळला आहे. म्हणून पहिल्या नवऱ्याची आई असून अर्ज मला करावा लागला.

३. त्या अर्जावर झालेल्या हुकुमाप्रमाणे चिमाजीने कोर्टात एक बाई हजर केली. पदर हनुवटीपर्यंत ओढलेला. आपण माहेरी सुखी आहोत, कुठे जायचे नाही, असे सांगून तिने अंगठा दिला. आवाज कानी पडताच, ही माझी सून नव्हे, असे मी ओरडले. म्हातारी भ्रमिष्ट आहे, असे चिमाजी म्हणाला आणि शिपायाने मला बाहेर नेले. शिपायाकडे दोष नाही. मी फारच आरडाओरडा केला.

४. त्यानंतर भातलावणी चालू असता तीच बाई माझ्या दारी आली. ती चिमाजीची बायको फुलाबाई. उंबऱ्यातच बसून म्हणाली, "मावशी, कोर्टात बोलली ती मीच. वन्सं कणगीमागच्या खोलीत हाईत, भाईरनं कडी हाय. त्या जेवंना झाल्यात." मला तिचा राग यायला हवा होता. मी तिला भाकर वाढली.

५. आता चिमाजीचा अर्ज आला आहे की, मी त्याची बायको डांबून ठेवली. साहेब, माझ्या घराच्या दाराला धड कडीदेखील नाही. फुलाबाई आपल्या पायांनी आली व आपल्या खुशीने राहिली आहे. तिची तान्ही मुलगी मात्र पासलीस राहिली, आणि परत न आल्यास पोरीचे तोंड दिसणार नाही, असा निरोप तिला आला आहे.

६. तरी विनंती की, चिमाजीस बाहेर ठेवून फुलाबाईचा जबाब घ्यावा व पोरीला तिच्याकडे देववावे. तसेच पासलीच्या पोलीस पाटलास वर्दी न देता माणूस धाडून रतनबाईस आणवावे आणि तोंडावरचा पदर काढून, तिला एकटीला विचारावे. माहेरी राहते असे ती म्हणाली तर मी तिच्या डोक्यावरून हात फिरवून गुंजवण्यास जाईन. पुन्हा अर्ज करणार नाही.

७. फुलाबाई आत्ता कचेरीच्या पायरीवर बसली आहे. पोरीच्या आठवणीने दोनदा उठून रस्त्यापर्यंत गेली, मी हाताला धरून आणली. तिला आधी आत बोलवावे. ती फार वेळ थांबेल असा मला भरवसा नाही.

आपली नम्र, दाराशी उभी असलेली,
साळूबाई कोम सोनबा रसाळ
निशाणी डाव्या हाताचा अंगठा
भोर, आषाढ, सन १९३६