नऊ नंबरचे दोन गोल

३ जून

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

पाय प्लास्टरमध्ये असलेला माणूस परदेशी जाऊन दोन गोल कसे करील? दोन दिवस डोकं खाजवतेय.

फुटबॉल संघटनेच्या ऑफिसात मला राष्ट्रीय संघाच्या आंतरराष्ट्रीय कामगिरीचं पुस्तक तयार करायला दिलंय, हे तुला कळवलंच होतं. कामगिरी म्हणजे हरलेल्या सामन्यांची लांबलचक यादी आणि मध्येच एकदा तिसरा क्रमांक. आपलं एकमेव पदक! तो सामना आपण दोन-एकनं जिंकला आणि दोन्ही गोल नऊ नंबरचे. हे नऊ नंबर म्हणजे आमचे तोफकाका. फटका तोफेसारखा, म्हणून हे नाव. आता रोज सकाळी ऑफिसात पेपर वाचायला येतात. परवा गुडघा चोळत म्हणाले की त्या वर्षी सहा महिने पाय प्लास्टरमध्ये होता, तेव्हापासूनचं हे दुखणं. मी तारखा पडताळल्या, तर सामना त्याच सहा महिन्यांतला! तसं विचारलं, तर पेपर उलटा धरून वाचायला लागले.

जुन्या कागदांत त्या सामन्याचा एक धूसर फोटो मिळाला. नऊ नंबरच्या पाठीवर चक्क वेणी आहे. आणि कमरेवर हात ठेवून उभं राहायची ती ढब मी लहानपणापासून बघत आलेय. खरं काय ते सांग.

लोभ आहेच, उत्तरात कंजुषी नको.

तुझी भाची

९ जून

चि. पदवीधर शहाणीस,
अनेक आशीर्वाद.

घरात पहिली पदवी आली आणि तिची पहिली धाड माझ्यावरच! बरं, ऐक.

पंधरा दिवसांत आम्हा मुलींचा संघ जमवला होता. अंगात पुरुषांचे जुने शर्ट. जिंकल्यावर आमच्या मॅनेजरनं तार केली, तीत शब्द वाचवायला नुसते नंबर लिहिले. ऑफिसातल्या कारकुनाकडे यादी एकच, पुरुषांची. बायकांचा संघ गेलाय हे त्या बिचाऱ्याच्या कानावरही नव्हतं. त्यानं नंबरांपुढे नावं भरून टाकली. आम्ही परतलो तोवर पेपरात छापूनही आलं.

बूट मला दोन नंबर मोठे, टोकाला चिंध्या कोंबलेल्या. पहिल्या गोलाला फटक्यासरशी चेंडूबरोबर बूटही उडाला. त्यांची गोलरक्षक बुटावर झेपावली, चेंडू दुसऱ्या कोपऱ्यातून आत! आमची कप्तान हसता हसता मैदानात बसली. दुसरा गोल मात्र अस्सल, डोक्यानं मारलेला. तासभर कानात घूं घूं होत होतं आणि मला ते थांबूच नये असं वाटत होतं.

घरी तुझ्या नाना आजोबांना सांगितलं होतं की शिवणाच्या परीक्षेला जातेय. पालक म्हणून सही दादानं, म्हणजे तुझ्या बाबानं ठोकली. परतल्यावर नानांनी विचारलं, काय शिवलंस? दादानं दुकानातून आणून ठेवलेलं झबलं पुढे केलं. नाना म्हणाले, टीप सुबक आहे. त्या झबल्यापायी मला खरोखरच शिवण शिकावं लागलं आणि आज त्यावरच माझं घर चाललंय. घे, हस.

सोबत बाकीच्या दहाजणींची नावं लिहून पाठवते, ती घाल. माझं नको. नाना गेले ते दादाच्या शब्दावर विश्वास ठेवून. आता पुस्तकात छापून त्याला खोटा पाडायचा का? आणि तुझी नोकरी नवी आहे. भरल्या ताटाला लाथ मारू नकोस.

माया आहे तिथेच आहे. जेवणाच्या वेळा पाळ.

तुझी आत्या

२० जून

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र बाबांना दाखवलं. झबल्यापाशी खूप हसले, मग बराच वेळ चष्मा पुसत राहिले. म्हणाले, खोटं माझं होतं, गोल तिचे. ज्याचं त्याला मिळू दे. सही करताना तेव्हा कचरलो नाही, तर आता कशाला कचरू?

तोफकाकांना बुटाचा किस्सा वाचून दाखवला. त्यांनी कबूल केलं की सुरुवातीला दोनदा त्यांनी चूक सांगून पाहिली. लोकांना तो त्यांचा विनय वाटला. तिसऱ्या वेळी टाळ्या गोड लागल्या, मग गप्पच बसले. आपण त्या सामन्यात नव्हतो, असं त्यांनी स्वतःच्या हातानं लिहून खाली सही केली. हलकं वाटतंय म्हणाले आणि माझ्या वाटचा चहाही पिऊन टाकला.

साहेब मात्र वैतागले. पुरुषांकडे मग उरतं काय, म्हणाले. पुस्तकाच्या शेवटी बारीक अक्षरात एक टीप घाल आणि विषय संपव. मी म्हटलं, पदक देशाचं आहे, ते कुठे जात नाही. ते जिंकलं कुणी एवढंच दुरुस्त करायचंय. अखेर म्हणाले, कर, पण पानाखाली सही तुझी. तक्रार आली तर मी तुझ्या पाठीशी नाही. नोकरी पक्की व्हायला अजून तीन महिने आहेत, याचीही आठवण करून दिली. खोटं कशाला सांगू, मी घाबरले. जिना उतरताना दोनदा थांबले.

राहिलं तुझं नाव. दादासाठी नको म्हणालीस, तर दादाचं उत्तर वर लिहिलंच आहे. आणि आत्या, नको म्हणायला तुला दोन शब्द पुरले, बुटाला मात्र अख्खा परिच्छेद लागला! तरीही तुझ्या शब्दाखातर नऊ नंबरची जागा रिकामी ठेवून पाहिली. पण रिकामी जागा दिसली की कुणीतरी हाताशी असलेलं नाव भरून टाकतं. मागे तेच झालं.

म्हणून काल तिथे तुझं माहेरचं पूर्ण नाव लिहिलं, पुढे दोन गोल लिहिले, खाली माझी सही केली आणि कागद स्वतः छापखान्यात नेऊन दिला. आज सकाळी पान छापून झालं. एक प्रत सोबत आहे.

रागाव हवं तितकं, पण लोभात काटछाट नको.

तुझी भाची