ट्रॉलीच्या पाठीवरचा नंबर

चिकलठाणा, शुक्रवार

आमचे थोरले साडू सांडूभाऊ यांस,

बन्सीचा रामराम. इकडे सगळं ठीक. तिकडची खुशाली विचारायला आमच्या घरात मनाई आहे, म्हणून विचारत नाही; पण तुम्ही आपणहून कळवलीत तर वाचताना माझा हात कोण धरणार? फोनच करणार होतो, पण मी फोनवर बोललो की गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जातं, आणि आमची चतुराबाई तर भिंतीपलीकडे चुलीपाशीच असते. तुमचं नाव घरात काढायची सोय नाही. परवा चुकून तोंडातून 'सांडू' निघालं, तर आतून आवाज आला, "काय सांडलं?" मी म्हणालो, पाणी. आणि खोटं नको पडायला म्हणून भरलेला तांब्या आडवा केला. आशाआक्कांना माझा नमस्कार सांगा (एकट्या माझाच सांगा, आम्हा दोघांचा सांगू नका, तेवढा अधिकार मला नाही).

पत्रास कारण की, तुम्ही तुमच्या ट्रॅक्टरला भाड्याची ट्रॉली लावता आणि मी माझ्या ट्रॉलीला भाड्याचा ट्रॅक्टर लावतो, तेव्हा कायदा काय म्हणतो ते तुमच्या कानावर घालावं. बाकी काही हेतू नाही. मामांनी (सासरा म्हणून माणूस फार मोठ्या मनाचा, पण हिशेब जरा भाबडा) जाताना थोरलीला ट्रॅक्टर आणि धाकटीला ट्रॉली दिली. एकीचं दुसरीवाचून अडावं, म्हणजे पोरी एकमेकींच्या दारात येत-जात राहतील, असा त्यांचा बेत. झालं उलटंच. पहिल्याच सुगीला आक्का म्हणाल्या, ट्रॉली घेऊन ये. चतुराबाई म्हणाली, ट्रॉलीला इंजिन नसतं, ट्रॅक्टर घेऊन तूच ये. त्यावर 'तुझा ट्रॅक्टर', 'तुझी ट्रॉली' असं निघालं आणि दोघी गप्प झाल्या, त्या आजतागायत गप्प आहेत. तुमचा ट्रॅक्टर पिसादेवीला, आमची ट्रॉली चिकलठाण्याला, आणि सासरेबुवांचा बेत मधल्या रस्त्यावर. मला हे आवडत नाही, सांडूभाऊ. चतुराबाई सणाला पुरणपोळ्या अजूनही तुम्हा सगळ्यांना धरूनच करते, आणि उरल्या की खात नाही म्हणून माझ्यावर चिडते.

तर झालं असं. मक्याची पोती जाधववाडीच्या मोंढ्यात विकायला न्यायची होती. शेजारच्या फकिराचा ट्रॅक्टर ठरवला, ट्रॉली जोडली, पोती भरली आणि निघता निघता सासूबाई म्हणाल्या, मला डोळ्याच्या डॉक्टरकडं जायचंय, मी बी येते. दगडाबाई एकदा येते म्हणाल्या की त्या निघालेल्याच असतात, हे तुम्हाला मी काय सांगावं (तुम्ही त्यांचे थोरले जावई, तुमचा अनुभव जुना आहे). त्या पोत्यांवर चढल्या, डोक्यावरचा पदर नीट केला आणि थाटात बसल्या. जालना रोडला लागलो आणि सिडकोच्या अलीकडे ट्रॅफिकच्या एका साहेबांनी हात केला. मी फकिराच्या ट्रॅक्टरचे कागद काढून ऐटीत पुढे धरले. साहेबांनी ते पाहिले, परत दिले आणि म्हणाले, "हे झाले ट्रॅक्टरचे. आता ट्रॉलीचे दाखवा."

मी हसलो. हसायला नको होतं. मी म्हणालो, "साहेब, ट्रॉलीला ना इंजिन, ना हॅण्डल. ट्रॅक्टर जाईल तिकडं ती जाती. तिला कशाला कागद?" साहेब म्हणाले, कायद्याने ट्रॉली हे वेगळं वाहन आहे. तिची नोंदणी वेगळी, नंबर वेगळा. तिचा स्वतःचा नंबर डाव्या अंगाला लिहायचा, आणि पाठीवर जो ट्रॅक्टर तिला ओढतो त्याचा नंबर. मागे लाल दिवे पाहिजेत, चमकणाऱ्या पट्ट्या पाहिजेत. (आमच्या ट्रॉलीला मागे चमकणारं काही म्हणाल तर सासूबाईंचा चष्मा.) मग त्यांनी वर पाहिलं आणि म्हणाले, "मालाच्या ट्रॉलीत माणसं बसवता येत नाहीत." सासूबाई वरूनच म्हणाल्या, "मी माणसात नाय, मालकीण हाय. ट्रॉली माह्या मालकानं घेतलेली हाय." साहेबांनी कायद्यात मालकिणीसाठी काही आहे का ते बहुधा मनातल्या मनात शोधलं. नसावं. सासूबाईंना उतरवून रिक्षात बसवावं लागलं, आणि त्या रिक्षावाल्याला आपल्याला ट्रॉलीतून का उतरवलं ते दवाखाना येईपर्यंत सांगत होत्या. पावती माझ्या नावाने फाटली ती वेगळीच.

तेव्हापासून मी ट्रॉलीला माणसात आणायच्या मागे आहे. मामांच्या वेळची खरेदीची पावती सासूबाईंच्या पेटीतून निघाली. दिवे लावले, पट्ट्या लावल्या, आता अंधारात ट्रॉली लग्नघरासारखी दिसते. सोमवारी ती आरटीओच्या साहेबांना दाखवायला न्यायची आहे, अर्थात ट्रॅक्टरला जोडून. राहिला पाठीवरचा नंबर. फकिराला म्हणालो, तुझा घालतो, तर तो दोन पावलं मागे सरला. म्हणाला, "नको दाजी. ट्रॉली तुमची, नंबर माहा, कुठं काय केलं तर पोलीस माह्या दारात." उस्मानपुऱ्याचा पेंटर बोलावून बसवलेला, त्याने नवीच अडचण काढली. म्हणाला, मागं जागा नाही, आधीची अक्षरं पुसावी लागतील. अक्षरं म्हणजे मामांनी हौसेने लिहून घेतलेलं 'आशा-चतुरा'. घरातलं वारं पाहून मी आपलं धोरणाने म्हणालो, चतुरा राहू दे, आशा पूस. सांडूभाऊ, आयुष्यात मी इतकं चुकीचं धोरण कधी केलं नव्हतं. चतुराबाई हातातलं पीठ तसंच घेऊन बाहेर आली आणि ट्रॉलीला पाठ लावून उभी राहिली. म्हणाली, "पुसायचं आसंल तर माह्या नावापासनं पुसा." पेंटरने डबा बंद केला. नावं आहेत तशी आहेत, मी मात्र दोन दिवस गारठलेली भाकरी खातो आहे.

असो. तुम्ही मात्र भाड्याच्या ट्रॉलीचे कागद बघितल्याशिवाय रस्त्यावर निघू नका, एवढंच सांगायचं होतं. आमची काळजी करू नका. कुणाचा ना कुणाचा ट्रॅक्टर मिळेल, आणि नाहीच मिळाला तर ट्रॉलीत कोंबड्या पाळीन. तुमच्या ट्रॅक्टरवर आमची मुळीच नजर नाही.

तुमचा,
बन्सी

ता. क. सोमवारी तुमचा ट्रॅक्टर सहज म्हणून चिकलठाण्याकडे येणार असेल, तर आमचं दार वाटेतच आहे. (वाटेत नाही हे मला ठाऊक आहे. तरी आहे असं समजा.) ट्रॅक्टरवर आक्कांना बसवू नका, तेही कायद्यात नाही. त्यांना रिक्षाने आणा. पण आणा.

ता. क. २. पाकीट चिकटवायला डिंक शोधत बाहेर आलो, तर ट्रॉलीच्या पाठीवर, 'आशा-चतुरा'च्या खाली दाटीवाटीने, नंबर घातलेला. रंग ओलाच आहे. वाचला, चष्मा पुसून पुन्हा वाचला. तुमच्या ट्रॅक्टरचा आहे. मी शेतात गेल्यावर पेंटरला परत कुणी बोलावलं हे विचारायची माझी छाती नाही. वरचा मजकूर खोडायला आता वेळ नाही, म्हणून कोंबड्यांचं तेवढं मनावर घेऊ नका.

ता. क. ३. आक्का, ह्यांनी पाकीट उघडं टाकलं होतं, मी सगळं वाचलं. तुमचा नंबर मीच घालायला लावला. मला तो पाठ हाय. आता दुसऱ्या कुणाचा ट्रॅक्टर जोडला तर गुन्हा हाय, साहेबानं सांगितलंय. तू आल्याबिगर ट्रॉली दारातून हालायची नाय. मी बी नाय.
— चतुरा