सीतादहीच्या आधीचा कापूस

मी, चंपतराव डोमाजी पावडे, वय वर्षे चौसष्ट, धंदा पूर्वी शिक्षकी आणि हल्ली खोकणे, राहणार बेला, जिल्हा आदिलाबाद, आंध्र प्रदेश, हे मृत्युपत्र माझ्याच ओसरीवर, माझ्याच हाताने आणि कोणी मागे उभे न राहता लिहितो. डोके ठिकाणावर आहे. आदिलाबादच्या डॉक्टरांनी छातीबद्दल शंका काढली, डोक्याबद्दल काढली नाही. याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही आणि यानंतर करण्याची उमेद नाही.

१. राहते घर, मागचे परसू व विहिरीवरचा माझा हक्क मुलगा सुधाकर याला द्यावा. तो निर्मलला सरकारी कचेरीत असतो आणि आता मराठीपेक्षा तेलुगू सफाईने बोलतो, त्याबद्दल माझी तक्रार नाही. परसातला पेरू मात्र तोडू नये. तो त्याच्या आईने, म्हणजे कैलासवासी मथुराबाईने, लावलेला आहे. पेरू मूळचा आपला नव्हे, समुद्रापलीकडून आला, असे मी तिला सांगितले तेव्हा ती म्हणाली, "आला तं आला. पानी तं आपल्याच विहिरीचं पेते." साबुदाण्याचा कंदही तिकडचाच हे कळल्यावर मात्र तिने एक एकादशी कोरडी काढली. माझ्यावरचा राग काही दिवसांनी गेला. ती गेल्यापासून मी साबुदाणा खात नाही.

२. पोस्टातली शिल्लक सुधाकरच्या मुलीच्या शिक्षणासाठी ठेवावी. किती आहे ते पासबुकात आहे.

३. आईचे पितळी घंगाळ माझ्या वाट्याचे होते. ते १९६१ सालच्या वाटण्यांपासून थोरले बंधू उत्तमराव यांच्याकडे आहे. त्यांनी ते आधीच घेतलेले असल्यामुळे देण्याचा प्रश्न येत नाही. फक्त माझे होते एवढे लिहून ठेवतो.

४. लोखंडी पेटीतली पुस्तके, नकाशे आणि माझ्या हस्ताक्षरातल्या अकरा वह्या गावच्या मराठी शाळेला द्याव्यात. शाळा नको म्हणाली तर पुन्हा विचारावे. वह्यांत हिस्पानिओला नावाच्या बेटाचा इतिहास आहे. हे बेट कॅरिबियन समुद्रात आहे, आज त्यावर हैती आणि डोमिनिकन रिपब्लिक असे दोन देश नांदतात, आणि पाचशे वर्षांपूर्वी स्पेनच्या लोकांनी तिकडले आपले पहिले राज्य तिथेच मांडले. बेल्याच्या मास्तराला त्याचे काय, असे मला हेडमास्तरांपासून किराणावाल्यापर्यंत सगळ्यांनी विचारून झाले आहे. उत्तर आता देतो.

१९५९ साली नागपूरला सीताबर्डीवर एका रद्दीवाल्याकडे मला एक इंग्रजी पुस्तक मिळाले. पहिली चाळीस पाने नव्हती, त्यामुळे ते कोणी लिहिले हे मला अजून ठाऊक नाही. माझे शिक्षण निजामाच्या राज्यात उर्दूतून झालेले, म्हणून डिक्शनरी मांडीवर घेऊन तीन वर्षे वाचले. त्यात लिहिले होते की स्पेनच्या साहेबांनी गावेच्या गावे माणसांसकट आपसांत वाटून घेतली, आणि त्या माणसांनी साहेबांचे शेत, खाण, ओझे सगळे बिनमोल करायचे. आमचे वडील डोमाजी जागीरदाराच्या शिपायांची वळकटी डोक्यावर घेऊन दूरच्या बोथ गावापर्यंत पायी जात. वडिलांची वेठ मला त्या पुस्तकात पहिल्यांदा छापलेली दिसली. त्या रात्री मी जेवलो नाही, आणि पुढे ते बेट माझ्या मानगुटीवरून उतरले नाही.

सरकारी पुस्तकात त्या बेटाला चार ओळी होत्या. मी त्याला पंधरा दिवस देत असे. पोळा झाला की आठवीची मुले शाळेच्या आवारात काळ्या मातीचे बेट करीत. मधोमध डोंगर, निळीच्या पाण्याच्या नद्या, आणि तिकडचे लोक लावत तशी मातीचे ढीग करून लावलेली रताळी. वेल वर आले की शेळ्या येत आणि दरवर्षी हैती खाऊन जात. मुले पुन्हा लावत. तीस वर्षांत मी कितीतरी मुलांना शिकवले, त्यांतली पुष्कळ आज माझ्याकडे न बघता मोटारसायकलने जातात, पण बेटाचे नाव काढले की थांबतात. ते दिवस मला फार आठवतात. मी माझ्या आयुष्यात सर्वांत सुखी त्या चिखलात उभा असताना होतो.

५. नाल्याकाठचे दोन एकर वावर, माझ्या नावचा पट्टा, हेही सुधाकरला द्यावे. ते मला दुसऱ्या कोणाला द्यायचे होते, पण ते जमले नाही. कारण पुढच्या कलमात आहे. सुधाकरने वावर ठोक्याने, म्हणजे ठरलेल्या खंडाने, लावले तरी चालेल. अट एकच. शाळेतले कोणतेही लेकरू धड्यासाठी कापूस मागायला आले तर त्याला परत पाठवू नये.

६. हे कलम देण्याघेण्याचे नाही. वकील म्हणाले, मृत्युपत्रात असे लिहीत नसतात. मी म्हटले, मग कशात लिहितात ते सांगा. 

सन १९८४, दसरा होऊन आठ दिवस झाले होते. मी आठवीला कराचा धडा घेत होतो. स्पेनच्या साहेबांनी हुकूम काढला होता की चौदा वर्षांवरच्या प्रत्येकाने दर तीन महिन्यांनी एक घुंगरू भरून सोन्याची भुकटी आणावी. जिथल्या नद्यांत सोने नव्हते तिथल्या माणसांनी त्याऐवजी कापूस द्यावा. ज्याने दिला त्याच्या गळ्यात बिल्ला, ज्याने नाही दिला त्याला शिक्षा. मला वाटले, कापसाच्या मुलखातल्या लेकरांना हा धडा हाताने कळला पाहिजे. म्हणून मी फर्मावले, उद्या प्रत्येकाने कापूस आणायचा. मी साहेब होणार, मुले रांगेत येणार, मी बिल्ले वाटणार. सिगारेटच्या चांदीचे बिल्ले मी स्वतः कापले होते.

वर्गात बयना होती. मारोती शेंडे यांची मुलगी, चौदा वर्षांची. मारोती माझ्या भावाकडे, उत्तमरावांकडे, सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीवरचे गडी, होते. त्यांना स्वतःचे वावर नव्हते. बयना हुशार होती, त्या बेटावरच्या राणीचे काम मी तिला दिले होते आणि ते अवघड नाव, अनाकाओना, वर्गात तिला एकटीलाच नीट म्हणता येई. बाकीच्या मुलांनी घरातल्या जुन्या गादीतला, वातीसाठी ठेवलेला कापूस आणला. बयनाच्या घरी गादी नव्हती. तिने शाळेत येताना उत्तमरावांच्या वावरातली फुटलेली बोंडे वेचली.

आमच्याकडे पहिली बोंडे फुटली की घरधनीण वावरात जाऊन दहीभाताचा नैवेद्य दाखवते, मग वेचणीला हात लावतात. याला सीतादही म्हणतात. त्याआधी घरचेही कोणी बोंड तोडत नाही. उत्तमरावांकडचे सीतादही दोन दिवसांवर होते. त्यांच्या घरात वर्षभर तोच एक सण मनापासून होई. बयनाला एका बाईने बांधावरून पाहिले आणि दुपारपर्यंत हनुमानाच्या देवळापुढे लोक जमले. कापूस किती, यावर प्रत्येकाचे वेगळे सांगणे होते.  उत्तमरावांनी मला शाळेतून बोलावून घेतले आणि सर्वांसमोर विचारले, "गुरुजी, तुमी सांगतलं होतं का हिले बोंडं तोडाले?"

मी म्हणालो, "तोडायला नव्हतं सांगितलं."

हे खरे होते. मी आणायला सांगितले होते, तोडायला नाही. तेवढ्या फटीतून मी बाहेर निसटलो आणि ती पोर आत राहिली. उत्तमराव शाळेच्या समितीवर होते, हेडमास्तर माझ्या बेटावर आधीच नाराज होते, बदलीची मला भीती होती. बयना माझ्याकडे बघत होती. तिने गुरुजींनी सांगितले असे एकदाही म्हटले नाही. तिच्या बापाने पायातली वहाण काढून उत्तमरावांसमोर हात जोडले आणि तिला हाताला धरून घरी नेले. दुसऱ्या दिवसापासून ती शाळेत आली नाही. त्या वर्षीचे बेट मी पावसाने वाहून जाऊ दिले आणि पुन्हा केले नाही.

ज्याच्याकडे नाही तो कुठून आणणार, हे तिकडच्या साहेबांनी विचारले नव्हते. मीही विचारले नाही. वीसेक वर्षे मी त्यांना शिव्या घालून शिकवले आणि एका सकाळी खुर्चीत बसून तेच केले. मला याची लाज वाटते. मथुराबाईला मी हे सांगितले होते. ती म्हणाली, "मले काय सांगता? तिले सांगा." दहा वर्षे मी तिला सांगितले नाही.

या दिवाळीच्या आधी मी बयनाच्या घरी गेलो. ती याच गावात दिली आहे, लोकांच्या वावरात वेचणीला जाते. तिला अजून मागून चोट्टी म्हणतात, हे मला माहीत होते. मी तिला नाल्याकाठचे दोन एकर घे म्हटले. ती तांदूळ निवडत होती, हात थांबले नाहीत.

"वावर नको, गुरुजी. लोक म्हनतीन, चोट्टीले कापसाचं वावर भेटलं."

"मग काय देऊ?"

"त्या दिवशी जे बोलले नाई ते बोला. चार लोकाईत. माह्या बाच्यानं आयकनं झालं नाई, तो गेला. माह्या पोरीनं तरी आयकावं."

म्हणून लिहितो. कापूस मी मागितला होता. बयना मारोती शेंडे हिने चोरी केली नाही, तिने गुरुजींचा हुकूम पाळला. खोटे मी बोललो.

७. हे सहावे कलम माझ्या मरणाची वाट न पाहता येत्या रविवारी त्याच देवळापुढे मी स्वतः वाचेन. तेवढ्यात छातीने दगा दिला तर सुधाकरने वाचावे, आणि तेलुगूत नाही, मराठीत वाचावे. ते वाचल्याशिवाय पहिल्या पाच कलमांतले काहीही कोणी हातात घेऊ नये.

ज्याला मृत्युपत्रात काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये, असे वकिलांनी सांगितले आहे. ज्यांना यात काहीही मिळत नाही अशा दोघांना मी आज बोलावले आणि वरील सर्व मजकूर मोठ्याने वाचून दाखवला. उत्तमराव काठीवर हनुवटी टेकून ऐकत होते. वाचून झाल्यावर म्हणाले, "दहा वर्सं झाले. आता काऊन उकरून राह्यला?"  मग त्यांनी पहिल्यांदाच बयनाकडे तोंड केले.

"किती होता वं तो कापूस?"

बयनाने दोन्ही हात जुळवून ओंजळ करून दाखवली.

उत्तमराव त्या ओंजळीकडे बघत राहिले. "मले गाठोडं सांगतलं होतं," एवढेच म्हणाले, आणि पेन मागितले.

बेला, दिनांक ६ नोव्हेंबर १९९४.

लिहून देणार: चंपतराव डोमाजी पावडे

साक्षीदार: उत्तमराव डोमाजी पावडे

साक्षीदार: बयना मारोती शेंडे (शाळेच्या हजेरीपटावर होते तेच नाव, तिच्या सांगण्यावरून)